कचेरीची नववी पायरी

हात कडंवर गेला आन् कड रिकामी. पोरगी न्हाय.

मागं बघितलं, लिंबाखाली बघितलं, पान्याची घागर हाय, माझ्या चपला हायत, तिच्या आंगावरचं फडकं हाय, पोरगी न्हाय. उलीसं खाली ठिवलं व्हतं तिला, आंधळ्या बाबांच्या ओंजळीत पानी वतायला. तांब्याभर पानी वतायला किती येळ लागतो सांगा, तेवढ्यात कुठं जाईल? साडेपाच वर्साचं लेकरू, पन दोनी पाय सुतळीवानी, उभं बी ऱ्हाता येत न्हाय. मला वाटलं, नेली कुनीतरी उचलून. बाबा म्हनले, "पोरी, पानी कामून थांबलं?" मी तांब्या तसाच टाकला.

मग वर बघितलं.

तालुक्याच्या कचेरीला अकरा पायऱ्या हायत, काळ्या दगडाच्या. त्या दिवशी त्या पायऱ्यांवर आमची मानसं बसून चढत व्हती, पाठ कचेरीकडं आन् तोंड आमच्याकडं. दोनी हात मागं वरच्या पायरीवर टेकवायचे, आंग वर वढायचं, बसायचं, दम घ्यायचा, परत हात. सगळ्यांच्या फुडं ती बाई. आन् नवव्या पायरीवर तिच्या बगलंला माझी पोरगी. तशीच, हात टेकवून चढलेली. माझी पोरगी! मला बघून हसली आन् वरडली, "आये, बघ, नऊ!"

तिला नवापतूर मोजता येतंय हे बी मला ठाव न्हवतं. ते बी त्याच बाईनं शिकिवलेलं.

आन् पोरीच्या मुठीत त्या बाईचा पदर.

मी पळाले.

कशी पळाले, काय झालं ते सांगते, पन आदी ती बाई कोन ते सांगाया पायजे, न्हायतर तुमी म्हनाल ही येडीच हाय.

आमचं गाव तेरपासनं दोन कोसावर. त्या साली दुष्काळ आसा की तेरना नदीत झिरा खोदून वाटीवाटीनं पानी भरायचं, येक घागर भरंपतूर पोरगी कडंवर झोपून उठायची. मालक ऊसतोडीला कोल्हापूरकडं गेलेले, आमच्या कारखान्याचं तर धुराडंच थंड. घरात मी, आत्याबाई म्हंजी माझी सासू, आन् ही येकुलती येक पोरगी. पोरगी सव्वा वर्साची आसताना ताप आला, सुई दिली, दुसऱ्या दिवशी सकाळी उभी करायला गेले तर पायातलं वारं गेलेलं. तवापासनं ती माझ्या कडंवर. झाडताना कडंवर, भाकरी थापताना मांडीवर, खडी फोडायला गेले की तिथं झोळीत, झोळीतनं काढली की परत कडंवर. माझ्या डाव्या कुल्ल्यावर काळा वन पडलाय, आजून हाय.

म्या तिला भुईवर सरपटू दिलं न्हाय. येकदा बी न्हाय. आमच्याकडं लंगडं लेकरू भुईवर सरपटायला लागलं की लोक म्हनत्यात, याच्या आईबापानं याला टाकलं. मग माझ्याकडं बघून बाया म्हनायच्या, "बघा गं, आई आसावी तर आशी. भुईला टेकू दिली न्हाय लेकीला." ते आयकलं की माझा दिवस जायचा. दुसरं काय व्हतं माझ्यापाशी? चौथीत शाळा सुटली, पंधराव्या वर्सी लगीन, तोंड बी देखनं न्हाय. मला चांगलं म्हनायला लोकांकडं तेवढंच येक कारन व्हतं.

आन् मग ती बाई आली.

सोसायटीच्या दुकानाफुडं रेशनच्या ज्वारीची लाईन लागलेली, तिथं आली. पस्तिशीची आसंल. दोनी पाय न्हानपनीच गेलेले, ढुंगनाखाली ट्रकच्या टायरचा तुकडा दोरीनं बांधलेला, हातात दोन लाकडी ठोकळे. ठोकळे टेकवायचे आन् आंग फुडं झोकायचं, टक् फर्र, टक् फर्र, आशी यायची. सातवी पास. पिशवीत कागद, दौत, अर्ज. तेरच्या बाजूला ऱ्हायची भावाकडं. तिनं मधी रस्त्यात बसून बायांना इचारलं, "खडी फोडायला पाय लागत्यात का गं?"

बाया हसल्या.

"हसता काय? तुमी खडी फोडता ती उभ्या ऱ्हाऊन का बसून?"

"बसून," येक म्हनली.

"मग मला दुष्काळी कामाच्या मस्टरवर घेत न्हायत ते कामून? मी तर जल्माची बसलेलीच हाय. तुमच्यापेक्षा सवय जास्ती."

सगळी लाईन हसली. मी बी हसले. सुरुंगात पाय गेलेला आमच्याच गावचा येक बाप्या व्हता, विहिरीच्या कामावर पाय तुटला त्याचा, तो कुबडीवर उभा ऱ्हाऊन म्हनला, "आक्का, मुकादम म्हनतोय, लंगड्याला मस्टरवर घेतला तर वरचा सायब मलाच लंगडा करील."

"मग आपन वरच्या सायबाकडंच जाऊ की. मला कुठं जायला भ्या वाटतंय, पडायला तर जागाच न्हाय खाली," ती म्हनली.

आन् मग तिची नजर माझ्या कडंवर गेली. पोरीला म्हनली, "ए रानी, खाली ये. त्या लिंबापतूर कोन लवकर जातंय, तू का मी?"

माझी पोरगी माझ्या कडंवरनं घसरली. मी धरली व्हती, घट्ट धरली व्हती, तरी पान्यावानी घसरली. हातावर आन् गुडघ्यावर, धुळीत, सगळ्या गावाम्होरं सरपटत गेली लिंबापतूर, आन् हसली. तसं हसनं म्या तिचं आदी आयकलं न्हवतं. चार वर्सं कडंवर घेतली, तसं हसली न्हाय माझ्यापाशी. बाईनं मुद्दाम हरून दाखिवलं. पोरीनं लिंबाला हात लावला आन् वरडली, "मावशी हारली!"

मावशी. घटकाभराची वळख आन् मावशी.

माझ्या पोटात आग पडली. आजपतूर बाया म्हनायच्या आई आसावी तर आशी, त्याच बाया आता म्हनायला लागल्या, "बघ गं, पोरगी चांगली चलाख हाय की, उगंच कडंवर ठिवली इतके दिवस." म्हंजी माझं सगळं फुकट गेलं. चार वर्साचा कुल्ल्यावरचा वन फुकट.

मग ती बाई दर बाजाराला यायची. पोरीच्या गुडघ्याला सायकलच्या ट्यूबचे तुकडे बांधून दिले तिनं, सोलू नये म्हनून. धुळीत काडीनं अक्षरं काढायला शिकिवली. पोरगी रात्रंदिवस मावशी मावशी. भाकरी मोडली तर मावशीला ठिव. गोष्ट सांगायला गेले तर, "आये, तुला न्हाय येत, मावशी आवाज काढून सांगती." येक दिवस म्या ते ट्यूबचे तुकडे चुलीत घातले. खरं सांगते, लपवत न्हाय. काळा धूर झाला, घरभर घान वास. आत्याबाई म्हनल्या, "काय जाळलंस गं?" मी म्हनले, "फाटकी चप्पल." पोरीनं नाक फुगवून वास घेतला, माझ्याकडं बघितलं. फुडच्या बाजाराला बाई आली, पोरीचे गुडघे सोललेले बघितले, माझ्याकडं येकदा बघितलं आन् पिशवीतनं दुसरे दोन तुकडे काढून बांधले. मला येक शबुद बोलली न्हाय. बोलली आसती तर बरं झालं आसतं. भांडन तरी झालं आसतं.

तवा कचेरीत नव्या पाझर तलावाच्या कामाची यादी व्हायची व्हती. बाई, सुरुंगवाला, आंधळे बाबा आन् आनखी सा जन अर्ज घेऊन गेले. कारकून दारात आला, वरच उभा ऱ्हाऊन म्हनला, "ज्याला पायऱ्या चढता येत नाहीत तो काम काय करणार? जो स्वतःच्या अंगानं चढून साहेबांच्या टेबलापर्यंत येईल त्याचं नाव लिहू. उचलून आणलेला चालणार नाही." त्याला वाटलं, हे रडत माघारी जातील. बाई म्हनली, "लिव्हून द्या हे." त्यानं लिव्हून दिलं न्हाय, पन धा मानसांनी आयकलं व्हतं.

त्या दिवसापासनं तिनं सगळ्यांना बजावलं. "कुनी कुनाला हात द्यायचा न्हाय. माझ्या सख्ख्या भावानं बी हात लावला तर त्याचं तोंड बघनार न्हाय. आपून चढायचं, आपल्याच आंगानं, भर दुपारी, सगळ्या तालुक्याम्होरं."

मला कामून नेलं? पान्याला. घागर भरून आवारात बसायचं, चढायच्या आदी आन् उतरल्यावर पानी द्यायचं. मी व्हय म्हनले कारन पोरगी हट्टाला पेटली व्हती, आन् पोरीला त्या बाईसंगं येकटी सोडायची माझी तयारी न्हवती. हेच खरं. हक्कबिक्क मला तवा कळत न्हवतं.

त्या दिवशी आवार मानसांनी भरलं व्हतं. पायऱ्या तव्यावानी तापलेल्या. सगळ्यांनी तळहाताला गोनपाट गुंडाळलं. सुरुंगवाल्यानं कुबडी खाली ठिवली. आंधळे बाबा बसून चढनार म्हनले तर तो म्हनला, "बाबा, तुमचे पाय तर शाबूत हायत, तुमी कामून बसून?"

बाबा म्हनले, "सगळे बसून तर मी बी बसून. उभं ऱ्हाऊन मला काय जास्ती दिसनार हाय व्हय?"

लोक हसले. वरच्या पायरीवर कचेरीचा शिपाई काठी घेऊन उभा, खाकी टोपीतला कवळा गडी, शेजारच्या गावच्या बौद्धवाड्यातला, त्या वस्तीतला पयला नोकरीवाला. तो बी हसला. बाईनं पयल्या पायरीवर हात टेकवले. बाबांची पाळी शेवटची, त्यांना तहान लागली, म्या पोरीला खाली ठिवलं. येक तांब्या म्हनले, पन तीन-चार वतले, पायऱ्यांकडं बघितलं न्हाय.

आता पळाले ते.

मला दोन दोन पायऱ्या टाकता आल्या, माझे पाय धडके. लोकांच्या मधनं, सुरुंगवाल्याला वलांडून, आठव्या पायरीवर आले आन् पोरीला काखंत हात घालून उचललं. पोरगी किंचाळली, "सोड, आये, सोड, दोनच ऱ्हायल्या!" तिनं बाईचा पदर आनखी गच्च धरला. बाईचे दोनी हात मागं दहाव्या पायरीवर टेकलेले, आंग अर्धं वर उचललेलं. ती म्हनली, "बाई, सोड तिला, चढू दे. ती दमली न्हाय."

ती दमली न्हाय. माझ्या पोरीचं मला सांगती.

मूठ सोडवायची का वढायचं, तेवढा येळ मला व्हता. लई न्हाय. डोळ्याची पापनी पडंल तेवढा. पन व्हता. पदर मुठीत हाय हे मला दिसत व्हतं, तिचे हात मागं हायत हे बी दिसत व्हतं. म्या पोरीला वढलं. हिसडा मारून वढलं. पदरासंगं ती बाई बी आली.

ती तोंडावर आली, फुडं, माझ्या बाजूनं खाली. सातव्या पायरीवर हात टेकला, उजवा, आन् वाळकी काडी मोडावी तसा आवाज आला. म्या तो आयकला. सगळ्यात जवळ मीच व्हते.

मग खालनं कोनतरी वरडलं, "शिपायानं ढकललं! शिपायानं लाथ घातली!" आन् सगळं आवार तेच वरडायला लागलं. त्यांचं बी काय चुकलं? खालनं त्यांना माझी पाठ दिसत व्हती, आन् बाईच्या मागं काठी घेऊन उभा शिपाई. बाई फुडं फेकली गेली म्हंजी मागनं ढकललं. शिपायाच्या तोंडचं पानी पळालं. तो दोनी हात जोडून म्हनत व्हता, "म्या न्हाय, आईची आन, म्या न्हाय." काठी त्याच्या हातनं कवाच पडली व्हती.

गलका आयकून सायब भायेर आला. त्यानं शिपायाकडं बघितलं, बाईकडं बघितलं. बाई सातव्या पायरीवर बसून मोडलेला हात मांडीवर धरून व्हती. तिच्यासाठी हात म्हंजी काय ते तुमाला सांगायला नको. आपले पाय ते तिचे हात.

सायब म्हनला, "ह्यानं ढकललं असेल तर आत्ता घरी पाठवतो ह्याला. आणि बाई, तुमचं नाव पहिलं लिहितो. बोला, ढकललं का?"

येवढंच म्हनायचं व्हतं, व्हय. नाव पयलं. खाली दोनशे मानसं शपथ घ्यायला तयार.

बाई म्हनली, "न्हाय. त्यानं हात बी लावला न्हाय. त्या पोराच्या भाकरीवर मी पाय देनार न्हाय. माझा हात घसरला."

मग सायबानं मला इचारलं. "तू जवळ होतीस. काय झालं?"

पोरगी माझ्या कडंवर. तिची मूठ आजून मिटलेली, पदराचा दोरा निघालेला त्याच्यात. ती माझ्या तोंडाकडं बघत व्हती.

मी म्हनले, "मला दिसलं न्हाय."

सायबानं खांदे उडिवले. आठ जनांची नावं लिव्हली, ते आठ जन चढले, आंधळे बाबा सुद्दा. सुरुंगवाल्यानं टेबलावर आंगठा उठिवला तवा त्याच्या डोळ्यातनं पानी गळत व्हतं. बाईचं नाव लिव्हलं न्हाय. सायब म्हनला, "पायरीवर ज्यांचा हात घसरतो त्या हातोडा काय धरणार?" आन् तिचा हात मोडलेलाच व्हता की, काय बोलनार ती?

हाडवैद्यानं बांबूच्या कामट्या लावून बांधला. तीन म्हैने ती भावाच्या घरात येका कोपऱ्यात. ज्या बाईला कुनी हात लावलेलं चालत न्हवतं तिला भावजय उचलून परसाकडं न्यायची. मी भाकरी घेऊन जायचे, पोरगी जीव खायची म्हनून. तिथं बी मला काय वाटायचं सांगू? लाज वाटायची, खरंच वाटायची, पन पोरगी दारातनंच सरपटत तिच्याकडं जायची, तिच्या मोडक्या हाताला फुंकर घालायची, आन् माझी लाज जिरून परत तीच आग. तिनं माझं पाप सुद्दा आपल्याच नावावर घेतलं. "माझा हात घसरला." लोक म्हनायचे, काय बाई हाय, शिपायाला वाचिवलं. आन् मला म्हनायचे, पोरीला जिवावर उदार हून पळत जाऊन वाचिवलं हिनं. दोगी बी चांगल्या. ती खरी आन् मी खोटी, हे फकस्त आमा तिगींना ठाव.

येक दिवस म्या पोरीला कडंवर घेतलेलं बघून ती म्हनली, "उलीसं खाली ठिव की तिला. आता मला कळतंय वर बसून काय वाटतं ते. भावजय न्हेती तवा तिचा मानंवरचा घाम दिसतो नुसता, वाट कुठली दिसत न्हाय." रागानं न्हाय म्हनली. तरी मी पोरीला घेऊन उठले आन् घरी आले.

त्या रातीला पोरीनं इचारलं, "आये, तू मावशीला वढलंस ना?"

"झोप."

"सांगितलंस का तिला?"

"तिला ठाव हाय."

"सायबाला?"

म्या दिवा इझिवला. पोरीनं तोंड भिताडाकडं केलं. कडंवरची पोरगी पाठ करत नसती, हे मला तवा कळलं. भुईवर निजलेलीच पाठ करती.

पाझर तलावाचं काम वाढलं, परत यादी निघाली. बाईचा हात वाकडा जुळून आला व्हता, मनगटात गाठ. ती परत गेली कचेरीला. आमी सगळे गेलो, मस्टरवरचे आठ जन बी काम बुडवून आले. ह्या टायमाला पोरीनं इचारलं बी न्हाय, आपली आपन बाईच्या बगलंला बसली आन् चढायला लागली. मी खाली उभी. हात कडंवर जायचा, मी खाली घ्यायचे. जायचा, घ्यायचे. नवव्या पायरीवर बाई थांबली, वाकडं मनगट चोळलं. मग दहा. मग अकरा. वरच्या पायरीवर तोच शिपाई, तो चार हात लांब जाऊन भिताडाला टेकून उभा ऱ्हायला, कुनी परत काय म्हनू नये म्हनून. तो आजून भेत व्हता. माझ्यामुळं.

मी सगळ्यांच्या मागनं वर गेले. टेबलाफुडं बाई बसलेली, सायबाचं तोंड बी तिला दिसत न्हवतं, टेबल आडवं. सायब कागद चाळत म्हनला, "ह्या त्याच ना, घसरलेल्या? पुन्हा हात घसरला, डोक्यात हातोडा बसला, म्हणजे आमच्या गळ्यात."

बाई म्हनली, "चढले की मी आज."

"आज चढलात. त्या दिवशी पडलात."

त्यानं पेन खाली ठिवला. बाईनं माझ्याकडं बघितलं न्हाय. येकदा बी न्हाय. पोरीनं बघितलं.

मी म्हनले, "ती घसरली न्हवती सायब. म्या वढली."

"काय?"

"पोरीच्या मुठीत तिचा पदर व्हता. मला दिसत व्हता. तरी म्या हिसडा मारला. मला... मला माझी पोरगी तिच्यापाशी नको व्हती."

मला वाटलं पोलीस बोलावतील. सायब हसला, कारकुनाला म्हनला, "बायकांचं भांडण. आणि आपण तीन महिने त्या पोराच्या तोंडाकडे संशयानं बघतोय." आन् बाईचं नाव लिव्हलं. खडीवर न्हाय, हात बघून म्हनला पोरं सांभाळायला, कामावरच्या बायांची लेकरं झोळ्यांत आसत्यात तिथं.

खाली उतरंपतूर बातमी आवारात पोचली व्हती. सुरुंगवाला माझ्याकडं बघून थुकला. शिपाई टोपी काढून घाम पुसत ऱ्हायला, लई येळ. मला वाटलं बाई तरी काय म्हनंल, जाऊ दे म्हनंल. ती उतरून आवारातल्या लिंबाखाली आली, पानी पिली, आन् म्हनली, "सांगितलंस ते बरं केलंस. पन तीन म्हैने माझे गेले बाई. ते तू सांगितल्यानं येत न्हायत." आन् ठोकळे टेकवून निघून गेली, टक् फर्र, आता उजवा ठोकळा तिरका पडतो, आवाज बदललाय.

आता ती बी तलावाच्या कामावर, मी बी. मी वर खडीच्या ढिगावर, माझ्या बगलंला कोनी बाई बसत न्हाय. खाली चिंचंखाली झोळ्या, तिथं ती, आन् दिवसभर माझी पोरगी तिच्यापाशी. झोळ्या हालवती, लेकरांना नवापतूर मोजायला शिकिवती. पोरीला आता तर शंभरापतूर येतं म्हनं. वारं इकडचं आसलं की तिचं हसनं आयकायला येतं, तेच, दुकानाफुडच्या लिंबापाशी हसली व्हती तसं. हातोडा हातात आसतो आन् माझ्या पोटात परत तेच व्हतं. आजून व्हतं. खरं बोलले म्हनून गेलं न्हाय ते. संध्याकाळी पोरगी आपली आपन सरपटत माझ्यापाशी येती, मी कड वाकडी करते सवयीनं, ती म्हनती, "चाल तू, मी येते." मग मी सावकाश चालते, मागं वळून बघायचं न्हाय आसं ठरवून, आन् दर चार पावलाला बघते.

त्या दिवसाचा मी लई इचार करते. तुमी आया आसाल, न्हाय तर आयांच्या पोटचे तरी आसाल, म्हनून इचारते. चार वर्सं जी तुमच्या हाडाला चिकटून ऱ्हायली ती पोरगी दुसरीच्या पदराला धरून तुमच्यापासनं नऊ पायऱ्या वर गेली, हसत गेली, आन् तुमच्या हाताला तेवढाच पापनीभर येळ व्हता. खरं सांगा, तुमी काय केलं आसतं?